गाण्याची मजुरी



संगीतावर बोलावयाचे तर या व्यासपीठावर एखादा गवई हवा आणि कायद्यावर बोलावयाचे तर वकील हवा. मी या दोहोंपैकी कोणीच नाही. माझे आयुष्य हमाल, माथाडी आणि कारखान्यांतील कामगार यांच्या संघटनेत गेले. जे काही वाचन झाले ते युनियनच्या कचेरीत, दोन तक्रारींच्या मधल्या वेळात झाले. तरीही संगीतावरील स्वामित्वहक्काचा विषय मी चालकांकडून मागून घेतला. सरकारी मराठीत ज्याला प्रताधिकार म्हणतात आणि लोक ज्याला कॉपीराइट म्हणतात, त्याच्या इतिहासात मला आमच्याच धंद्यातला जुना प्रश्न दिसला. काम एकाने करावे, हत्यार दुसऱ्याचे असावे आणि मोबदला हत्याराच्या मालकाकडे जावा, हा तो प्रश्न होय. गाणे ही ईश्वरी देणगी असेल, परंतु ते करणाऱ्याला भाडे भरावे लागते आणि चूल पेटवावी लागते. म्हणून आज मी गाण्याच्या मजुरीचा इतिहास सांगणार आहे.

आपल्याकडे गाणे कोणी रचले हे सांगण्याची रीत फार जुनी आहे. अभंगाच्या शेवटच्या चरणात संत आपले नाव घालीत. त्याला आपण नाममुद्रा म्हणतो. शाहिरांनीही आपल्या लावण्या-पोवाड्यांत तीच छाप ठेविली. एखाद्याने दुसऱ्याची लावणी आपल्या नावावर खपविली तर फडात आणि गावात त्याची नाचक्की होई. पुढे १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी ‘संगीत शाकुंतल’ रंगभूमीवर आणले आणि संगीत नाटकांचा काळ सुरू झाला. त्या काळच्या नाटकांची छापील पुस्तके उघडून पाहा. पदाच्या डोक्यावर ‘चाल’ म्हणून ते कोणत्या मूळ गाण्यावर बेतले आहे, हे नाटककार नमूद करीत असे. चाल घेण्यात कोणी कमीपणा मानीत नसे, आणि ती कोठून घेतली हे लपविण्याचीही चाल नव्हती. थोडक्यात म्हणजे, नावाचा हक्क आपल्या समाजाने कायद्याच्या फार आधी मान्य केला होता.

दामाचे मात्र तसे नव्हते. रेठरे हरणाक्षचे श्रीधर कृष्णाजी कुलकर्णी, म्हणजेच पठ्ठे बापूराव, यांचे उदाहरण घ्या. त्यांच्या लावण्या महाराष्ट्रभर फडांफडांतून गाइल्या गेल्या. लावणीच्या शेवटी त्यांचे नाव येई, आणि ते नाव ऐकण्यासाठी माणसे मैलोन्‌मैल चालत येत. हा शाहीर १९४५ साली पुण्यात विपन्नावस्थेत वारला. आता लक्षात घ्या की, १९१४ चा स्वामित्वहक्काचा कायदा त्यांच्या हयातीत तीस वर्षांहून अधिक काळ अस्तित्वात होता. त्या कायद्याने कवीच्या हयातीत आणि त्याच्या पश्चात ५० वर्षे त्याच्या शब्दांवर त्याचा व त्याच्या वारसांचा हक्क मानला होता. परंतु तो हक्क वसूल करावयास तमाशाच्या तंबूपर्यंत कोण जाणार? कायद्याच्या पुस्तकात हक्क असणे आणि तो पदरात पडणे यांत किती अंतर असते, हे कामगारांना कोणी शिकवावयास नको.

हा कायदा आला कोठून, हेही थोडक्यात पाहू. कंपनी सरकारने १८४७ साली पुस्तकांपुरता एक कायदा केला होता. जुन्या मराठी ग्रंथांच्या मुखपृष्ठामागे कायद्यान्वये सर्व हक्क स्वाधीन ठेविल्याची जी ओळ दिसते, ती त्या परंपरेतली. १९१४ चा कायदा हा ब्रिटिश पार्लमेंटच्या १९११ च्या कायद्याची हिंदुस्थानासाठी केलेली आवृत्ती होता. मधल्या काळात एक मोठी गोष्ट घडून गेली होती. १९०२ साली कलकत्त्यात ग्रामोफोन कंपनीने गौहर जान यांचे गाणे मुद्रित केले आणि गाणे प्रथमच गाणाऱ्याच्या गळ्यापासून सुटे झाले. तोपर्यंत गवई दमला की गाणे थांबत असे. आता गवई घरी झोपलेला असता त्याचे गाणे शंभर घरांत वाजू लागले. आमच्या भाषेत सांगावयाचे तर, एक दिवसाच्या कामातून वर्षानुवर्षे माल निघू लागला आणि मजुरी मात्र त्या एका दिवसाचीच राहिली. बहुतेक गायक-गायिकांना एकरकमी बिदागी मिळे. पुढे ती तबकडी किती खपली, हे विचारण्याचा अधिकार त्यांना नव्हता.

या नव्या वस्तूचा कर्ता कोण, असा प्रश्न कायद्यापुढे आला. कायद्याने उत्तर दिले की, ज्या मूळ तबकडीवरून बाकीच्या तबकड्या छापल्या जातात, ती तयार होताना ज्याच्या मालकीची होती, तोच कर्ता! हे वाक्य मी प्रथम वाचले तेव्हा पुन्हा वाचले. गाणारी बाई कर्ती ठरली नाही, सारंगिया ठरला नाही आणि चाल बांधणाराही ठरला नाही. मेणाच्या तबकडीचा धनी कर्ता ठरला. स्वतंत्र भारताने १९५७ साली आपला स्वतःचा कायदा केला आणि तो २१ जानेवारी १९५८ पासून अमलात आला. परंतु ध्वनिमुद्रिकेची ही व्याख्या त्यातही कायम राहिली.

त्याच १९५७ च्या कायद्यात दुसरीही एक अडचण होती, आणि ती आपल्या संगीताला विशेष जाचक होती. ‘सांगीतिक कृती’ म्हणजे छापलेली, लिहिलेली किंवा अन्य तऱ्हेने चिन्हांकित केलेली स्वररचना, असे त्यात म्हटले होते. हा विलायती संगीताचा नियम. तेथे रचनाकार कागदावर स्वर लिहितो आणि वादक ते वाचून वाजवितो. आपल्याकडे बंदिश गुरूच्या मुखातून शिष्याच्या कानात जाते. ती लिहून काढण्याचे प्रचंड काम पंडित विष्णु नारायण भातखंडे यांनी केले. तेही पेशाने वकील. गावोगाव फिरून, घराणेदार गवयांच्या विनवण्या करून त्यांनी शेकडो चिजा स्वरलिपीत बांधल्या. उस्ताद लोक चिजा देण्यास कां-कूं करीत, म्हणून त्यांना पुष्कळांनी कोते ठरविले आहे. मला तसे वाटत नाही. ज्याच्याजवळ कागद नाही, पेटंट नाही आणि वकीलही नाही, त्याने आपली विद्या पोटाशी धरून ठेवली तर ते साहजिकच होय. चीज हीच त्याची पुंजी होती.

आता चित्रपटाकडे येऊ, कारण गाण्यातला मोठा पैसा पुढे तेथेच एकवटला. १९४९ च्या ‘महल’ चित्रपटातील गाण्याच्या तबकडीवर गायिका म्हणून ‘कामिनी’ असे छापले होते. कामिनी हे पडद्यावरील पात्राचे नाव. गाणाऱ्या होत्या लता मंगेशकर. म्हणजे संतांच्या काळापासून मिळत आलेले नावसुद्धा यंत्रयुगात एकदा हिरावले गेले, आणि ते मागून घ्यावे लागले. नाव मिळाल्यावर लताबाईंनी दामाचा प्रश्न काढला. तबकडी विकली जात राहील तोवर तिच्या उत्पन्नात गायकाचाही वाटा असावा, अशी त्यांची मागणी होती. महंमद रफी यांचे मत निराळे होते. निर्माता पैसा घालतो, बुडाला तर तोच बुडतो. गायकाने ठरलेला मेहनताना घेतला की त्याचा व्यवहार संपला, असे ते म्हणत. या मतभेदामुळे साठाव्या दशकात काही वर्षे ही दोघे एकत्र गाइली नाहीत.

रफीसाहेबांचा मुद्दा पोकळ होता असे मी म्हणणार नाही. धोका पत्करणाऱ्याला नफा मिळाला पाहिजे, हे व्यवहाराला धरून आहे. परंतु धोका चित्रपटापुरता असतो. चित्रपट उतरून पंधरा वर्षे झाल्यावर त्यातील गाणे हॉटेलात, लग्नात आणि रेडिओवर वाजते तेव्हा निर्मात्याचा कोणता नवा धोका असतो? तेव्हा गाणे आपल्या गुणावर चालत असते, आणि तो गुण त्यात कवीने, संगीतकाराने आणि गायकाने घातलेला असतो. उत्पन्न टिकते तोवर वाटाही टिकावा, एवढेच लताबाईंचे म्हणणे होते, आणि मला ते न्याय्य वाटते.

यानंतर १९६९ हे वर्ष येते. या वर्षाकडे मी आपले विशेष लक्ष वेधू इच्छितो. त्या वर्षी महाराष्ट्र विधिमंडळाचा माथाडी, हमाल व इतर श्रमजीवी कामगारांविषयीचा कायदा झाला. त्यामागे अण्णासाहेब पाटील आणि हजारो माथाड्यांचा लढा होता. आपल्या वाशी-तुर्भ्याच्या बाजार समितीत पाठीवर पोती वाहणाऱ्या माणसाचा आधार तो हाच. माथाड्याची अडचण काय होती? त्याला एक मालक नव्हता. सकाळी या गाळ्यावर, दुपारी त्या गाळ्यावर. हिशेब कोणाकडे मागावयाचा? कायद्याने मंडळ उभे केले. त्यात मालकांचे, कामगारांचे आणि सरकारचे प्रतिनिधी बसले. प्रत्येक व्यापाऱ्याने मजुरी आणि तिच्यावरील ठराविक टक्के लेव्ही मंडळात भरावी, आणि मंडळाने ती कामगाराच्या खात्यात पोचवावी, अशी व्यवस्था झाली.

त्याच वर्षी, २३ ऑगस्ट १९६९ रोजी, मुंबईत इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी स्थापन झाली. गीतकार-संगीतकारांची अडचण माथाड्याचीच होती. त्यांचे गाणे आज या हॉटेलात, उद्या त्या सिनेमागृहात वाजणार. एकट्या माणसाने किती दारे ठोठवावीत? म्हणून एका संस्थेने सर्वांच्या वतीने परवाने द्यावेत, पैसे गोळा करावेत आणि ते वाटावेत, अशी ही कल्पना. फरक इतकाच की, माथाड्यांच्या मागे त्रिपक्षीय मंडळ आणि रस्त्यावरची संघटना होती, तर गाणाऱ्यांच्या मागे फक्त एक कंपनी-कायद्याची संस्था. पुढे काय झाले त्यावरून हा फरक किती मोठा होता हे कळून येईल. आणखी एक योगायोग सांगतो. लाल बावटा कलापथक १९४४ साली उभे करणाऱ्या तिघांपैकी अण्णाभाऊ साठे आणि अमर शेख हे दोघेही याच १९६९ साली गेले. ज्यांच्या शाहिरीने संयुक्त महाराष्ट्राचा लढा पेटविला, त्यांपैकी अण्णाभाऊंच्या आयुष्याची कितीतरी वर्षे घाटकोपरच्या चिरागनगर झोपडपट्टीत गेली.

सोसायटीने आपले दरपत्रक प्रसिद्ध करताच चित्रपट-निर्माते आणि सिनेमागृहांचे मालक यांनी हरकत घेतली. कॉपीराइट बोर्डाने १९७३ साली संगीतकारांच्या बाजूने निर्णय दिला. कलकत्ता उच्च न्यायालयाने १९७४ साली तो फिरविला. १४ मार्च १९७७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला तो निर्मात्यांच्या बाजूने. निकालाचा गाभा असा: निर्मात्याने मोबदला देऊन संगीतकाराकडून चित्रपटासाठी रचना करून घेतली आणि उलट करार केलेला नसला, तर त्या रचनेचा पहिला मालक निर्माताच होतो. आता कागदोपत्री उलट करार करता येत होता हे खरे. परंतु काम मागावयास आलेल्या नवख्या संगीतकाराने मोठ्या निर्मात्यापुढे आपल्या अटी मांडाव्यात, असे म्हणणे म्हणजे नाक्यावर उभ्या असलेल्या बिगाऱ्याने कंत्राटदाराशी बरोबरीने करार करावा असे म्हणण्यासारखे आहे.

त्या निकालाला न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी एक पुरवणी जोडली. कामगार चळवळीतील माणसांना हे नाव परिचित आहे; पुढच्याच वर्षी, १९७८ मध्ये, बंगलोर पाणीपुरवठ्याच्या खटल्यात ‘उद्योग’ या शब्दाचा अर्थ विशाल करणारा निकाल त्यांनीच लिहिला. संगीताच्या खटल्यात त्यांनी असे निदर्शनास आणले की, आपल्या देशात श्रोत्याला मोहविणारा तो गळा, ते गायन, यालाच या कायद्यात संरक्षण नाही. आणि संसदेने याचा विचार करावा, असे त्यांनी सुचविले.

संसदेला विचार करावयास बराच अवधी लागला. १९९४ ची दुरुस्ती १० मे १९९५ पासून अमलात आली. तिने संगीत कागदावर लिहिलेले असण्याची अट काढून टाकली आणि गायक-वादकांना ‘कलावंत’ म्हणून स्वतंत्र हक्क दिला. खरा पालट मात्र २०१२ साली झाला. कवी व पटकथाकार जावेद अख्तर राज्यसभेत होते. त्यांनी आणि अनेक गीतकार-संगीतकारांनी हा प्रश्न लावून धरला. २१ जून २०१२ पासून अमलात आलेल्या दुरुस्तीने ठरविले की, चित्रपटासाठी शब्द वा संगीत रचणाऱ्याला आपला रॉयल्टीचा निम्मा हक्क सोडून देताच येणार नाही. सिनेमागृहातील चित्रपटाचा खेळ एवढा त्याला अपवाद. बाकी रेडिओ, दूरचित्रवाणी, मोबाइल, हॉटेल, जेथे जेथे गाणे वापरले जाईल तेथे तो वाटा मिळाला पाहिजे. सोडून दिल्याचा कागद सही करून घेतला तरी तो निरर्थक. किमान वेतनाचे तत्त्व हेच आहे. उपाशी माणूस कोणत्याही कागदावर अंगठा देतो, म्हणून कायद्यालाच सांगावे लागते की हा अंगठा चालणार नाही.

तथापि वसुली करणारी संस्था ही काही सोवळी वस्तू नाही. सोसायटीचा कारभार संगीत कंपन्यांच्या मुठीत गेला आहे, अशी तक्रार तिच्या सभासद लेखक-संगीतकारांनीच केली होती. म्हणून नव्या कायद्याने अशा संस्थेच्या कार्यकारिणीत कर्ते आणि मालक यांची संख्या समसमान ठेवली. इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटीची या नव्या चौकटीत पुन्हा नोंदणी झाली ती २०१७ साली. गायकांची निराळी संस्था २०१३ साली नोंदली गेली. संघटना कोणाची, हा प्रश्न संघटना आहे की नाही या प्रश्नाइतकाच महत्त्वाचा असतो. आमच्या चळवळीतही पिवळ्या युनियन आम्ही पाहिल्या आहेत.

एवढा इतिहास ऐकल्यावर आपण नवी मुंबईकर विचाराल की, आम्हाला याचे काय? आपल्यापैकी कोणी गृहसंस्थेचे चिटणीस आहेत, कोणी उत्सव मंडळाचे खजिनदार, कोणाचे छोटे उपाहारगृह आहे. तेव्हा व्यवहाराचे चार शब्द सांगतो.

पहिली गोष्ट अशी की, एका गाण्यात अनेक हक्क एकावर एक रचलेले असतात. लताबाईंनी गाइलेले ‘अभंग तुकयाचे’ घ्या. शब्द तुकोबांचे, ते सर्वांचे आहेत, त्यावर कोणाचा हक्क नाही. चाली श्रीनिवास खळ्यांच्या. चालीवरील हक्क कर्त्याच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षे चालतो. खळे २०११ साली गेले, म्हणून तो २०७१ अखेर राहील. मग ध्वनिमुद्रण, त्याचा हक्क निराळा, प्रसिद्धीनंतरच्या वर्षापासून ६० वर्षांचा, आणि तो सहसा कंपनीकडे असतो. आता वाशीच्या विष्णुदास भावे नाट्यगृहात तिकीट लावून कोणी हे अभंग त्या चालीत गाइले, तर चालीची परवानगी हवी, मुद्रणाची नको. तेच ध्वनिमुद्रण लावून कार्यक्रम केला, तर दोन्ही हव्यात. पैसे मागावयास येणाऱ्याला म्हणूनच पहिला प्रश्न विचारावा की, तुम्ही कोणत्या हक्काचे पैसे मागता, आणि तो तुमच्याकडे आहे याचा कागद कोठे आहे? नोंदणी नसलेल्या संस्थेने, केवळ हक्काची मालक म्हणून, परवाने द्यावेत की नाही, याविषयी मद्रास उच्च न्यायालयाने २०२१ साली एक उत्तर दिले आणि मुंबई उच्च न्यायालयाने २०२४ साली त्याच्या उलट. तेव्हा कागद पाहूनच पैसे द्यावेत आणि पावती घ्यावी.

दुसरी गोष्ट सवलतींची. गृहसंस्थेच्या सभागृहात रहिवाशांच्याच सोयीसाठी ध्वनिमुद्रण लावले तर परवाना लागत नाही. हौशी मंडळाने तिकीट न लावता कार्यक्रम केला, तर त्यालाही मोकळीक आहे. आमच्या युनियनचे कलापथक अण्णाभाऊंची छक्कड गाते ते याच कलमाच्या आधाराने, कारण अण्णाभाऊंच्या शब्दांवरील हक्क २०२९ अखेरपर्यंत जिवंत आहे. खऱ्याखुऱ्या धार्मिक विधीत, आणि लग्नाच्या वरातीत व लग्नाशी निगडित समारंभांतही, सूट आहे. परंतु ‘लग्न’ हा शब्द उच्चारला की सर्व माफ, असे मात्र नाही. गोवा सरकारने जानेवारी २०२४ मध्ये परिपत्रक काढून ही सवलत सरसकट सांगितली. मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ते रद्द केले. कायद्याने जेवढे दिले त्याहून अधिक सरकारी परिपत्रकाने देता येत नाही, असा त्याचा मथितार्थ आहे. म्हणून ज्या समारंभाच्या नावाखाली धंदा चालतो तेथे सवलत गृहीत धरू नये.

तिसरी गोष्ट आपल्याच मातीतली आहे. सिडको १९७० साली आली. तिच्या आधीपासून येथे आगरी-कोळ्यांची गावे आहेत. आगरी लग्नात धवलारीण धवले गाते. ती गाणी कोणी रचली ते कोणाला ठाऊक नाही, ती साऱ्या समाजाची आहेत आणि तशीच राहिली पाहिजेत. परंतु कोणी मोबाइल घेऊन आला, तिचे गाणे भरून घेतले आणि ते बाजारात आणले, तर काय? गाणे जुने असले तरी गायन तिचे आहे. कायद्याने ती आता कलावंत आहे. तिच्या संमतीवाचून तिचे गायन मुद्रित करता येत नाही, तिचे नाव सांगितले जाण्याचा तिला हक्क आहे, आणि त्या गायनाचा व्यापारी वापर झाला तर तिला रॉयल्टीही मिळाली पाहिजे. १९०२ साली गौहर जान यांना जो हक्क नव्हता, तो आज आपल्या गावच्या धवलारणीला आहे. तिला तो कोणी सांगितला आहे काय?

हा हक्क तिच्या दारापर्यंत नेणे हे काम न्यायालयाचे नाही आणि संसदेचेही नाही. ते आपले आहे. जो गाणे भरावयास येईल त्याच्याकडून आधी साध्या मराठीत करार लिहून घ्या, त्यात तिचे नाव आणि तिचा वाटा घाला, ती अंगठा देण्यापूर्वी तिला तो वाचून दाखवा. कचेरीत बसून मी आयुष्यभर दुसऱ्यांच्या मजुरीचे कागद वाचीत आलो. हाही त्यांतलाच एक कागद आहे. ज्या कोणाला तो वाचून हवा असेल, त्याने आमच्या कचेरीत अवश्य यावे.